पंखा बंद करा

मे महिना, दुपारचे अडीच, नांदेड. रस्त्यावरचं डांबर चपलेला धरून ठेवतंय, कुत्री गटारीत पोट टेकून पडली आहेत, आणि पत्र्याच्या एका खोलीत सात माणसं एकाच पंख्याखाली जीव धरून बसली आहेत. अशा वेळी एक किडकिडीत माणूस उठतो, वर बघतो, हात जोडतो आणि म्हणतो, "पंखा बंद करा."

त्या माणसाला लोक काय काय म्हणायचे ते मी इथं लिहू शकत नाही. मी 'सर' म्हणायचो. अजूनही म्हणतो. ते हल्ली लातूरला मुलीजवळ असतात, ठणठणीत आहेत, आणि हे छापून आलं की मला फोन करून शिव्या देतील. त्यांच्या शिव्या इतक्या हळू आवाजात असतात, की कान देऊन ऐकाव्या लागतात.

सर माहितीपट काढायचे. हा शब्द कंधारच्या बाजारात उच्चारला तर कुणी वळूनसुद्धा बघणार नाही, म्हणून ते "पिच्चर काढायलो" असं सांगायचे. मग पुढचा सवाल ठरलेला. "हिरो कोण हाय?" सर समोरच्याकडंच बोट दाखवायचे. "तुम्ही." तो माणूस आधी हसायचा, मग लाजायचा, मग घरात जाऊन लग्नातला शर्ट घालून, केसांना पाणी लावून बाहेर यायचा. सर त्याला परत पाठवायचे.

"पहिलाच शर्ट घाला."

"त्याला भोक हाय की सर."

"म्हणूनच."

ह्यात अर्धा दिवस जायचा. असे त्यांनी वीसेक पिच्चर काढले. पत्र्याच्या पेट्या ठोकणाऱ्यावर, हार्मोनियम दुरुस्त करणाऱ्या एका रिटायर हवालदारावर, बोअरच्या गाडीबरोबर गावोगाव फिरणाऱ्या स्वयंपाक्यावर. हे पिच्चर शाळेच्या भिंतीवर लागायचे, मंगल कार्यालयात लागायचे, एकदा तर पोत्यांच्या थप्पीला धोतर ताणून त्याच्यावर लागला. त्याआधी सर कंधारकडच्या एका शाळेत चित्रकलेचे मास्तर होते. मुलांना हत्ती काढायला सांगायचे आणि तो कसा ओरडतो ते विचारायचे. हेडमास्तरांना हा प्रकार अभ्यासक्रमात कुठं सापडेना. मग सरांनीच राजीनामा देऊन त्यांची शोधाशोध थांबवली.

आता माझी आणि त्यांची गाठ कशी पडली ते ऐका. माझं नायगावात मंडप आणि साउंड सर्व्हिसचं दुकान आहे. आवाज हा माझा धंदा. माझ्या स्पीकरनं एका लग्नात नवरदेवाच्या घोडीला नवरदेवासकट शिवारात पळवून लावलं होतं, आणि ती गोष्ट मी नव्या गिऱ्हाइकाला आवर्जून सांगायचो. एक दिवस दुकानासमोर नवे स्पीकर लावून बघत होतो, तर अनवाणी पायांनी एक माणूस आला. हात जोडून म्हणाला, "मालक, शेजारी काम करायलो. जरा कमी करता का?"

मी आवाज वाढवला.

तो भांडला नाही. तिथंच उभा राहिला. गाणं संपेपर्यंत उभा, दुसरं संपेपर्यंत उभा. शेवटी मलाच कंटाळा आला. "काय पायजे राव तुम्हाला?" तर म्हणाला, "दोन मिनिटं या."

शेजारी म्हणजे दोन दारं सोडून एक म्हातारा कापूस पिंजायचा. धनुकलीची तार छेडली की टंग असा आवाज व्हायचा. पंधरा वर्षं तो आवाज माझ्या दुकानात यायचा, म्हणजे येत असावा. सरांनी त्यांचा हेडफोन माझ्या कानावर चढवला, माइक म्हाताऱ्याजवळ धरला आणि बोटानं खूण केली की ऐका. टंग झालं. आणि त्याच्यामागून, अगदी श्वासाएवढा, म्हातारा "हां" म्हणाला. परत टंग, परत "हां". कापसाला शाबासकी दिल्यासारखा. पंधरा वर्षांच्या शेजारात मी ते एकदाही ऐकलं नव्हतं, कारण त्याच्या-माझ्या मधे माझेच स्पीकर होते.

हेडफोन काढला तेव्हा माझं तोंड उघडं होतं. सर म्हणाले, "लगीनसराई सोडून कवा मोकळे असता?"

असा मी बिघडलो. लग्नाच्या दिवसांत नायगाव हादरवायचो आणि बाकीच्या दिवसांत सरांच्या मागं झोळी अडकवून मुंगीचं चालणं ऐकायचो. बायको म्हणायची, तुम्ही एकाच पगडीखाली दोन माणसं झालाव.

सरांच्या शूटिंगला जाणं म्हणजे तुरुंगात भरती होण्यासारखं. दारातच चपला काढायच्या. चप्पल वाजते. घड्याळ काढायचं, टिकटिक करतं. किल्ल्या, मोबाइल, खिशातली चिल्लर सगळं एका पिशवीत. आम्ही अनवाणी, उन्हातल्या अंगणात फरशीवर तळवे भाजून नाचायचो, आणि सर कुजबुजायचे, "नाचा, पण आवाज करू नका." त्यांच्या घरी एकदा चहाला गेलो तर सरांच्या बायको म्हणाल्या, "हे गावाला गेले की मी आधी कुकर लावते. शिट्टी ऐकून बरं वाटतं जिवाला."

आणि पंखा. पंख्यावर त्यांचा खास राग. एका मोठ्या पुढाऱ्याची मुलाखत घ्यायची होती, गावातल्या जुन्या तळ्याबद्दल. पुढाऱ्याच्या खोलीत गार हवेचं मशीन होतं. सरांनी ते बंद करायला लावलं, पंखा बंद केला, खिडकी लावून घेतली. पुढारी दहा मिनिटं तळ्याच्या विकासावर बोलले. अकराव्या मिनिटाला घाम नाकावरून गळायला लागला, आणि ते अचानक म्हणाले, "खरं सांगू का मास्तर, त्या तळ्यात मी पोहायला शिकलो. आईनं काठीनं मारलं होतं." बाहेर आल्यावर सर मला म्हणाले, "घाम आला की माणूस भाषण विसरतो."

आणखी एक खोड सांगतो. प्रत्येक जागेची शांतता वेगळी असते, असं सरांचं म्हणणं. ती पुढं पिच्चरचे तुकडे जोडताना मधे भरायला लागते. म्हणून काम संपलं की ते सगळ्यांना एक मिनिट गप्प उभं करायचे आणि मला ती खोली नुसतीच रेकॉर्ड करायला लावायचे. कंधारजवळच्या एका गावात आम्ही घोंगडी विणणाऱ्या आजोबांचं शूटिंग केलं. आजोबा दिवसभर मागावर बसून दमले आणि बाजेवर डोळे मिटून आडवे झाले. सरांनी बोट वर केलं. आता चित्र डोळ्यांपुढं आणा. बाजेवर आजोबा निपचित. भोवती दहाबारा माणसं माना खाली घालून, अनवाणी. दाराबाहेर चपलांचा ढीग. आणि वाजतात म्हणून सरांनी आजींना हातापाया पडून काढायला लावलेल्या बांगड्या, समोर ताटात.

शेजारच्या मावशी वाटीभर साखर मागायला आल्या आणि त्यांनी हे बघितलं. त्यांनी वाटी टाकली आणि असा हंबरडा फोडला की माझ्या कानातला हेडफोन उडाला. आजोबा दचकून उठले.

"कोण गेलं गं?"

"तुम्हीच की ओ भावजी!"

पुढं आजींनी सरांना जे सुनावलं ते मी सगळं रेकॉर्ड केलं आहे आणि माझ्यापाशी जपून ठेवलं आहे. त्या दिवसापासून सर बायकांच्या बांगड्यांना हात लावेनासे झाले. रुमाल घेऊन जायचे आणि म्हणायचे, "आक्का, ह्यो वरून गुंडाळून घ्या."

ह्या माणसाच्या हाताखाली मी एक चूक केली. ती सांगायलाच हे सगळं लिहायला बसलो.

आधी दोन गोष्टी सांगायला हव्यात, नाहीतर चूक कळायची नाही. सरांनी कॅमेऱ्यातला माइक स्वतः उचकटून काढला होता. "कॅमेऱ्यानं बघावं. ऐकायला तुम्ही हाव." म्हणजे सगळा आवाज माझ्या झोळीतल्या रेकॉर्डरवर. दुसरं, त्या रेकॉर्डरवर एक लाल दिवा होता. तो लागला की चालू, विझला की बंद. सरांनी मला त्याच्यावर काळी पट्टी चिकटवायला लावली. "लाल दिवा दिसला की माणूस सरकारी होतो." आणि ते "ॲक्शन" वगैरे कधी म्हणायचे नाहीत. बोट वर केलं की मी बटण दाबायचं, चालू. परत बोट वर केलं की परत तेच बटण, बंद.

उदगीरच्या मोंढ्यात, म्हणजे धान्यबाजारात, अप्पा होते. धान्याच्या सौद्याचा पुकारा करायचे. तुरीच्या ढिगाभोवती खरेदीदार जमायचे आणि अप्पा मधे उभं राहून भाव चढवत न्यायचे. ते गाणं नव्हतं आणि ओरडणंही नव्हतं. मराठी, दख्खनी, कानडी एका दमात, प्रत्येक व्यापाऱ्याला त्याच्या घरच्या भाषेत डिवचत. पत्र्यावरची कबुतरं उडायची. तिसऱ्या गल्लीतला चहावाला आवाजावरून सांगायचा की आज सोयाबीन चढलंय का पडलंय. अशी चाळीस वर्षं झाली आणि अप्पांचा घसा बसला तो उठेना. लातूरच्या डॉक्टरांनी तपासून सांगितलं, घशात गाठ आहे, आवाजाची पेटीच काढावी लागेल. जीव राहील, आवाज जाईल. ऑपरेशन सोमवारी.

सरांना हे एका आडत्याकडून कळलं. शनिवारी सकाळी आम्ही अप्पांच्या घरी हजर.

अप्पांचा आवाज फाटला होता, तरी अजून आवाज होता. म्हणाले, "सर, नातू पुण्याला हाय. दीड वर्साचा. मला बोलताना त्यानं बगितलंय, पुकारा करताना न्हाई. त्याला मोठेपणी कळलं पायजे, आजोबा काय चीज व्हता. तेवढं माझं काम करा."

डॉक्टरांनी मोठ्यानं बोलायला साफ मनाई केली होती. अप्पांच्या मंडळी, सगळी गल्ली त्यांना अक्का म्हणायची, स्वयंपाकघराच्या दारात उभ्या होत्या. "एकदा म्हंजे एकदाच. दुसऱ्यांदा तोंड उघडलाव तर मोंढ्यात येऊन हाताला धरून आणीन. माणसं बगू देत न्हाईतर न्हाई."

दिवसभर शूटिंग झालं. घरी अप्पा जुन्या गोष्टी बोलले. दुपारी मोंढ्यात गेलो. आडत्यानं खरा ढीग दिला होता, खरे खरेदीदार होते. खोटं काही सरांना चालायचं नाही. हमाल पाठीवरची पोती उतरवून उभे राहिले. तोलाई थांबली. सरांनी बोट वर केलं, मी बटण दाबलं आणि अप्पांनी पुकारा केला.

मी आजवर हजारभर लग्नं वाजवली असतील. असा आवाज माझ्या कानात कधी गेला नाही. मधे एकदा तो चिरला, अप्पांनी गळ्यावर हात दाबून तो परत उचलला आणि शेवटच्या बोलीपर्यंत नेऊन ठेवला. ढीग विकला गेला. कुणी टाळी वाजवली नाही. एका म्हाताऱ्या हमालानं जाऊन अप्पांचे पाय धरले. परत घरी आलो, आणखी थोडं काम झालं, सरांनी शेवटचं बोट वर केलं, आणि आम्ही नांदेडला निघालो.

सोमवारी सकाळी सरांच्या खोलीवर मी कार्ड कॉम्प्युटरला लावलं. पहिल्या फाइलमध्ये माझाच आवाज. "हॅलो, टेस्टिंग, हॅलो." त्यानंतर भांड्यांचा आवाज, अप्पांचा खोकला, कुणाला तरी सतरंजी टाकायला सांगणं. आणि सर घसा साफ करतात, जसा ते कॅमेरा चालू करायच्या आधी नेहमी करतात, तिथं फाइल बंद. दुसरी फाइल शॉट संपल्यापासून दुसरा सुरू होईपर्यंत. तिसरी तशीच. मोंढ्यातली फाइल लावली. हमालाची हुंदक्यातली कुजबूज. पुकारा नाही.

सकाळी टेस्टिंगला बटण दाबलं होतं आणि बंद करायचं विसरलो होतो. त्यानंतर दिवसभर सरांचं चालू ते माझं बंद होतं आणि त्यांचं बंद ते माझं चालू. हेडफोनात दोन्ही वेळेला सारखंच ऐकू येतं. दिवा पट्टीखाली. रेकॉर्डरवरचे पळते आकडे बघायला पाहिजे होते, ते मी बघितले नाहीत. ऐकण्यात रमलो होतो.

त्याच वेळी लातूरला अप्पा टेबलावर होते.

मी सरांना सांगितलं. ते काकडी सोलत होते. "सगळं?" म्हणाले. "सगळं." सर उठले, भिंतीकडं गेले आणि पंखा लावला. त्यांनी स्वतःच्या हातानं पंखा लावलेला मी त्या दिवशी पहिल्यांदा बघितला. थोडा वेळ त्याच्याखाली उभे राहिले.

"मग आलंय काय?"

"नको ते सगळं."

"बघू."

पंखा बंद करून त्यांनी हेडफोन चढवला आणि दोन तास ऐकत बसले. मी समोर बसून मनातल्या मनात दुकान, मंडप, नायगाव सगळं सोडून कुठं तोंड लपवायचं त्याचा विचार करत होतो. सरांनी हेडफोन काढला.

"दिव्यावर पट्टी लावा म्हणून कुणी सांगितलं?"

"तुम्ही."

"चालूला अन् बंदला एकच बोट कुणाचं?"

"तुमचं. पण बटण मी दाबलं सर."

"ते जाऊ द्या. अप्पाला घरी आणल्यावर जाऊ. मी सांगतो."

पंधरा-वीस दिवसांनी गेलो. अप्पा भिंतीला टेकून बसले होते, गळ्याला पांढरी पट्टी, मांडीवर पाटी आणि पेन्सिल. आम्हाला बघून चेहरा फुलला. पाटीवर लिहिलं, "पुकारा?" मी सरांच्या मागं सरकलो. सर मात्र अप्पांच्या समोर उभे राहिले, हात जोडले आणि म्हणाले, "अप्पा, पुकारा गेला. चित्र आलंय, आवाज आला न्हाई. चूक माझी हाय."

मंडप बांधणं हा माझा धंदा. स्टेजवर चढलेली मोठमोठी माणसं मी खालून, मागून, सगळीकडून बघितली आहेत. माइकवर किंवा माइक सोडून, 'चूक माझी हाय' एवढे तीन शब्द बोललेला माणूस मला त्याआधी भेटला नव्हता. आजही माझ्याकडं कामाला असलेल्या माणसाकडून काही बिघडलं, आणि माझं तोंड शिवीसाठी उघडलं, की ते जोडलेले हात दिसतात. तोंड मिटतं. दरवेळी नाही. पण मिटतं.

अप्पा काही दूधखुळे नव्हते. त्यांनी सरांकडं बघितलं, मग त्यांच्या खांद्यावरून माझ्याकडं. पाटी पुसली, एक शब्द लिहिला आणि पाटी माझ्याकडं फिरवली. "गाढव." अक्षर सुरेख होतं. मग पाटी बाजूला टाकून ते भिंतीकडं तोंड करून बसले. डॉक्टरांचं न ऐकता गळ्यावर हात दाबून उचललेला तो आवाज, आता कुठंच नव्हता.

आत अक्का भाकरी थापत होत्या. थपथप ऐकू येत होती.

सर म्हणाले, "अप्पा, नातवाला पुकारा न्हाई ऐकू जायचा. पण आजोबा ऐकू जातील. राहिलंय तेवढं ऐका." अप्पांनी न बघता हात झटकला, नको म्हणून. सरांनी तरी लहान स्पीकर जमिनीवर ठेवला आणि सुरू केलं.

टेस्टिंग झालं. भांडी वाजली. खोकला आला. आणि त्या खोलीत अप्पांचा आवाज उठला, सकाळचा, कुरकुरा, फाटका.

"आगं, माझा चष्मा कुठं ठिवलीस?"

"डोक्यावर बगा की!" आतून अक्का म्हणाल्या. हातातली भाकरी न थांबवता.

अप्पांचा हात डोक्यावर गेला.

आणि मग स्पीकरमधल्या अक्काही म्हणाल्या, "डोक्यावर बगा की!" तशाच, तेवढ्याच वैतागानं.

थपथप थांबली. स्पीकर चालूच होता. "ह्या लोकान्ला च्या टाक. अन् त्या साउंडवाल्याला दोन कप दे, झोपेतच दिसायलाय त्यो." माझ्या तोंडून हसू फुटलं. अप्पा भिंतीकडून वळले. हात अजून डोक्यावरच. त्यांचे खांदे हलत होते, आणि ते हसताहेत हे कळायला आम्हाला जरा वेळ लागला, कारण आवाज नव्हता.

अक्का दारात आल्या. दोन्ही हात कोपरापर्यंत पिठानं भरलेले. आधी स्पीकरकडं बघितलं, मग अप्पांकडं, मग परत स्पीकरकडं.

"आनिक हाय का ह्याच्यात?"

"दोन तास हाय, अक्का," सर म्हणाले.

"मग थांबा जरा," अक्का म्हणाल्या. "तवा उतरवून येते."